हायब्रिस्टोफिलिया : गुन्हेगाराच्या ओढीला मिळालेलं ग्रीक नाव

प्रश्न थोडक्यात असा आहे : "माझी मोठी बहीण चौतीस वर्षांची आहे, नोकरी करते, चारचौघींसारखी शहाणी आहे. खुनाच्या गुन्ह्यात जन्मठेप भोगणाऱ्या एका माणसाशी तिचा वर्षभर पत्रव्यवहार चालू आहे. अटकेआधी ती त्याला ओळखतही नव्हती, बातम्यांत पाहिलं आणि पत्र टाकलं. आता लग्नाचं बोलतेय. एक मैत्रीण म्हणाली, याला 'हायब्रिस्टोफिलिया' म्हणतात. या शब्दाचा नेमका अर्थ काय, तो आला कुठून, हा आजार आहे का, आणि ताईला हा शब्द सांगू का?"

मी मनोविकारतज्ज्ञ आहे. असे नातेवाईक माझ्याकडे अधूनमधून येतात, आणि अलीकडे बरेच जण हा शब्द तोंडपाठ करूनच येतात. म्हणून आधी शब्दाचंच बघू, मग ताईंकडे येऊ.

हा शब्द जॉन मनी यांचा. मनी मूळचे न्यूझीलंडचे, जन्म १९२१चा. पुढे आयुष्यभर त्यांनी अमेरिकेत बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्समध्ये काम केलं आणि २००६मध्ये ते वारले. लैंगिकतेच्या अभ्यासात नवे शब्द पाडण्याचा त्यांना अक्षरशः सोस होता. आज सर्रास वापरला जाणारा 'जेंडर रोल' हा शब्दप्रयोग १९५५च्या सुमारास त्यांनीच रूढ केला. १९८६ साली त्यांचं 'लव्हमॅप्स' हे पुस्तक आलं. त्यांची कल्पना अशी की, प्रत्येक माणसाच्या मनात लहानपणापासून एक नकाशा तयार होत जातो. आपल्याला कोण आवडेल, कशामुळे आवडेल, त्या व्यक्तीबरोबर काय घडावंसं वाटेल, हे त्यात आखलेलं असतं, आणि काहींचा नकाशा वाढीच्या वयात कुठेतरी भलत्याच दिशेला वळतो. या वळणांना त्यांनी एकामागून एक ग्रीक नावं दिली. काही जुनी उचलली, काही स्वतः घडवली. हायब्रिस्टोफिलिया त्यांतलंच एक.

मनी यांची व्याख्या फार काटेकोर आहे. माझं बरंचसं उत्तर तिच्यावरच उभं आहे, त्यामुळे ती नीट बघा. ज्या व्यक्तीने बलात्कार, खून, सशस्त्र दरोडा असं काही भयंकर कृत्य केलं आहे हे माहीत आहे, अशाच जोडीदाराबरोबर लैंगिक उत्तेजना येते आणि समाधानही त्याच्यावरच अवलंबून असतं, ती अवस्था म्हणजे हायब्रिस्टोफिलिया. यातले दोन शब्द ठसठशीत धरा : 'माहीत आहे' आणि 'अवलंबून'. गुन्हेगारावर प्रेम जडलं एवढ्याने व्याख्या पुरी होत नाही. गुन्हा हाच उत्तेजनेचा झरा हवा, आणि तो नसेल तर उत्तेजनाही नको. मनी यांनी अशा सगळ्या अवस्थांची काही कुळं पाडली होती. त्यांत हिला त्यांनी लुटारू-शिकारी वळणाच्या कुळात बसवलं.

आता ग्रीक भाग. 'फिलिया' म्हणजे ओढ, प्रेम, हे बहुतेकांना ठाऊक असतं. पहिला भाग 'हायब्रिझेइन' या क्रियापदावरून आला, अर्थ कुणाची तरी घोर विटंबना करणं, कुणावर अत्याचार करणं. त्याचं नाम 'हिब्रिस'. इंग्रजीतून आपल्याकडे पोचलेला 'ह्युब्रिस' तो हाच, फक्त इंग्रजीत त्याचा अर्थ पातळ होऊन 'माणसाला खाली आणणारा गर्व' एवढाच उरला. प्राचीन अथेन्समध्ये हिब्रिस हा कायद्याने शिक्षापात्र गुन्हा होता, आणि साध्या मारहाणीपेक्षा वेगळा. वेगळेपण कशात होतं, ते इसवी सनपूर्व ३४८मधल्या एका प्रसंगातून छान कळतं. डिमॉस्थेनीस हा प्रसिद्ध वक्ता तेव्हा डायोनिससच्या उत्सवात आपल्या जमातीच्या गायकवृंदाचा खर्च उचलत होता. त्याचा जुना वैरी मायडियस नाट्यगृहात आला आणि भर सभेत, लोकांसमोर, त्याच्या तोंडावर ठोसा मारला. त्यावर डिमॉस्थेनीसने जे भाषण तयार केलं ते आजही उपलब्ध आहे. त्यात तो दुखापतीबद्दल फारसं बोलतच नाही. मारणारा कसा उभा होता, कसा बघत होता, आवाज कसा होता, हात कसा उगारला, हे तो सांगतो. ठोशाचं दुखणं जातं, अपमान जात नाही, असा त्याचा सगळा रोख. अ‍ॅरिस्टॉटलनेही हिब्रिसची फोड अशीच केली आहे : समोरच्याला लाज वाटेल असं काही करायचं, त्यातून स्वतःला कसलाही लाभ नसताना, केवळ करण्यातल्या आनंदासाठी.

'केवळ करण्यातल्या आनंदासाठी'! मनी यांनी साधा 'गुन्हा' या अर्थाचा ग्रीक शब्द न घेता हा घेतला, ते मला नेमकं वाटतं. हिशेबात गफलत करून लाखो रुपये खाणाऱ्या कारकुनाला तुरुंगात चाहत्यांची पत्रं येत नाहीत. पत्रं येतात ती दुसऱ्याला पायदळी तुडवताना ज्याचा हात थरथरला नाही अशा माणसाला. ओढ असेल तर ती त्या निर्ढावलेपणाची असते, फौजदारी कलमाची नव्हे.

अर्थात नाव जुन्या भाषेतलं म्हणून निदान जुनं होत नाही, आणि निदान नवं म्हणून प्रकार नवा ठरत नाही. १८९५ साली सॅन फ्रान्सिस्कोत थिओडोर डुरंट नावाच्या तरुणावर खटला चालला. तो वैद्यकीय विद्यार्थी, शिवाय चर्चच्या रविवारच्या शाळेत मुलांना शिकवणारा. त्याच चर्चमध्ये दोन तरुणींचे मृतदेह सापडले, एक तर घंटेच्या मनोऱ्यात. खटला महिनोन्महिने गाजला आणि कोर्टात बायकांची रीघ लागली. त्यांतली एक बाई त्याच्यासाठी स्वीट पीच्या फुलांचे गुच्छ घेऊन येई. वर्तमानपत्रांनी तिचं नावच 'स्वीट पी गर्ल' पाडलं आणि रकानेच्या रकाने तिच्यावर खर्ची घातले. मेलेल्या दोघींपेक्षा त्या फुलांवर जास्त शाई गेली की काय, असं जुनी कात्रणं वाचताना वाटतं. डुरंटला जानेवारी १८९८मध्ये सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात फाशी दिलं. तेव्हा मनी यांचा जन्म व्हायलाही तेवीस वर्षं बाकी होती.

मग आजार म्हणून या प्रकाराकडे कधीपासून बघायला लागले? एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी युरोपातल्या डॉक्टरांना लैंगिक वर्तनाची वर्गवारी करायची घाई झाली होती. रिचर्ड फॉन क्राफ्ट-एबिंग यांचा प्रसिद्ध ग्रंथ १८८६चा. त्या पिढीत नावं माणसांवरून पडत : मार्की द साद या फ्रेंच लेखकावरून सॅडिझम, म्हणजे दुसऱ्याला वेदना देण्यातलं सुख; झाखर-माझोख या तेव्हा हयात असलेल्या कादंबरीकारावरून मॅसोकिझम, म्हणजे स्वतः वेदना सोसण्यातलं सुख. आपल्या नावाचं असं झालेलं त्या बिचाऱ्याला अजिबात रुचलं नव्हतं. पुढे ग्रीक-लॅटिन नावांची लाट आली. 'पॅराफिलिया' हा छत्रीसारखा शब्द फ्रीड्रिश क्राउस या व्हिएन्नातल्या लोकसंस्कृतीच्या अभ्यासकाने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वापरला. मनोविश्लेषक व्हिल्हेल्म श्टेकेल यांनी तो विशीच्या दशकात उचलला, इंग्रजीत तो १९१३मध्येच गेला होता, आणि त्याला प्रतिष्ठा मिळवून देण्यात मनी यांचा वाटा मोठा. १९८०मध्ये अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेच्या नियमावलीच्या तिसऱ्या आवृत्तीत, म्हणजे डीएसएम-३मध्ये, 'लैंगिक विचलन' हा जुना शब्द जाऊन 'पॅराफिलिया' आला. हेतू असा की, शिवीसारखा न वाटणारा शब्द असावा. मराठीत आपण त्याचं 'लैंगिक विकृती' केलं आणि शिवी पुन्हा आत घेतली. मी रुग्णांसमोर हा शब्द वापरत नाही.

आता तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं सरळ उत्तर : हायब्रिस्टोफिलिया हे निदान डीएसएमच्या कुठल्याही आवृत्तीत स्वतंत्रपणे नाही. २०१३च्या पाचव्या आवृत्तीत आठच पॅराफिलिक विकार नावानिशी दिले आहेत, त्यांत हा नाही. जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-११ ही वर्गवारी २०२२पासून लागू झाली, तिच्यातही नाही. उलट दोन्हीकडे एक महत्त्वाची भेदरेषा आहे. आकर्षण चाकोरीबाहेरचं असणं म्हणजे विकार नव्हे. त्या व्यक्तीला स्वतःला त्याचा खरोखर त्रास होत असेल, रोजचं जगणं अडत असेल, किंवा संमती न दिलेल्या दुसऱ्या कुणाला इजा होत असेल किंवा होण्याची शक्यता असेल, तरच विकार म्हणायचं. आयसीडीने तर आणखी एक मेख मारून ठेवली आहे : लोक नावं ठेवतील किंवा नाकारतील या भीतीने होणारा त्रास या कारणासाठी धरायचा नाही. म्हणजे घरचे चिडले म्हणून ताई रडत असतील, तर तेवढ्यावरून विकार ठरत नाही.

थोडक्यात, हे निदान कुणाच्या केसपेपरवर येत नाही. मनी यांच्या शब्दभांडारात ते आहे, गुन्हेगारीवरच्या लेखनात आहे, आणि गेल्या काही वर्षांत व्हिडिओ आणि पॉडकास्टमुळे लोकांच्या तोंडी आहे. तिथे त्याचे 'निष्क्रिय' आणि 'आक्रमक' असे दोन प्रकारही सांगतात. पत्र लिहिणारे ते निष्क्रिय, गुन्ह्यात हात देणारे ते आक्रमक. ही विभागणी बोलायला सोयीची आहे. नियमावलीत तिलाही जागा नाही.

मनी यांच्याबद्दल एक गोष्ट सांगून ठेवतो, नाहीतर कुणीतरी ती नंतर तुमच्या तोंडावर फेकेल. सुंता करताना झालेल्या अपघातात लिंग गमावलेल्या एका बाळाला मुलगी म्हणून वाढवा, असा सल्ला त्यांनी साठच्या दशकात दिला होता आणि तो प्रयोग यशस्वी झाला असं ते वर्षानुवर्षं सांगत राहिले. प्रत्यक्षात त्या मुलाने किशोरवयातच पुरुष म्हणून जगायला सुरुवात केली आणि २००४मध्ये आत्महत्या केली. मनी यांच्या नावाला लागलेला तो डाग पुसला गेलेला नाही, जाऊही नये. त्यांनी पाडलेले शब्द मात्र चलनात राहिले. शब्द वापरायला हरकत नाही. पण मनी यांनी नाव दिलं म्हणून प्रकाराचा उलगडा झाला, असं समजू नये. ताईंना खुन्याची ओढ का वाटते? त्यांना हायब्रिस्टोफिलिया आहे म्हणून. हायब्रिस्टोफिलिया म्हणजे काय? खुन्याची ओढ वाटणं. या गोल फेऱ्यात कुणाला काहीच कळलेलं नसतं.

आणि आता मला जे मुख्य म्हणायचं आहे ते. या शब्दाची म्हणून जी गाजलेली उदाहरणं सांगतात, त्यांतली बरीचशी मनी यांच्या व्याख्येत बसतच नाहीत.

बोलीभाषेत या प्रकाराला, तीसच्या दशकातल्या एका अमेरिकन दरोडेखोर जोडीवरून, 'बॉनी आणि क्लाइड सिंड्रोम' म्हणतात. पण बॉनी पार्कर क्लाइड बॅरोला भेटली ती जानेवारी १९३०मध्ये, एका ओळखीच्या घरी. तोवर त्याच्या नावावर किरकोळ चोऱ्यामाऱ्या होत्या, खून नव्हता. दोनेक महिन्यांत तिने त्याला तुरुंगातून पळण्यासाठी चोरून पिस्तूल पोचवलं, हे खरं. पण प्रेम आधी बसलं आणि रक्तपात नंतर आला. मे १९३४मध्ये लुइझियानात पोलिसांच्या गोळ्यांनी दोघं मेले, तेव्हा ती त्याच्याबरोबर अट्टल गुन्हेगारच झाली होती. तरी 'गुन्हा पाहून भुलली' हे तिच्या बाबतीत म्हणता येत नाही.

टेड बंडी या अनेक स्त्रियांचे खून केलेल्या अमेरिकन गुन्हेगाराचं लग्न घ्या. फेब्रुवारी १९८०, ऑर्लँडोचं कोर्ट. बारा वर्षांच्या मुलीच्या खुनात तो दोषी ठरलेला, शिक्षा काय द्यायची यावर सुनावणी चालू. बंडी स्वतःच वकिली करत होता. त्याने आपल्या मैत्रिणीला साक्षीदार म्हणून पिंजऱ्यात बोलावलं, प्रश्न विचारता विचारता लग्नाची मागणी घातली, ती हो म्हणाली, आणि कोर्टाच्या अधिकाऱ्यासमोर केलेली घोषणा म्हणून फ्लोरिडाच्या कायद्याने ते लग्न लागलं. हायब्रिस्टोफिलियावरच्या प्रत्येक व्हिडिओत हे दृश्य असतं. पण ती बाई त्याला १९७४पासून ओळखत होती, दोघं एकाच सरकारी खात्यात कामाला होते. तो निर्दोष आहे असं ती साक्षीतही सांगत होती. पुढे १९८६मध्ये तिने घटस्फोट घेतला. बंडीला १९८९च्या जानेवारीत विजेच्या खुर्चीवर मृत्युदंड दिला गेला.

रिचर्ड रामिरेझचं उदाहरण तुमच्या ताईंच्या जास्त जवळचं. १९८५मध्ये अटक झाल्यावर त्याला टीव्हीवर पाहून एका बाईने पत्र लिहिलं, मग पत्रांवर पत्रं, आणि १९९६मध्ये सॅन क्वेंटिनमध्ये दोघांचं लग्न झालं. तेरा खुनांसाठी त्याला मृत्युदंड सुनावला होता. कोर्टात तळहातावर काढलेला पंचकोनी तारा दाखवणारा हाच तो. पण तीही जाहीरपणे म्हणत होती की, त्याने हे केलेलंच नाही.

इथे व्याख्येची गोची होते. 'भयंकर कृत्य केलेलं माहीत असणं' ही मनी यांची अट. आणि या बायका तर म्हणतात, त्याने काही केलेलंच नाही. मग त्यांचं प्रेम गुन्ह्यावर आहे की निर्दोषपणाच्या कहाणीवर? मी पाहिलेल्यांपैकी बहुतेक जण दुसऱ्या गटातले. खुद्द गुन्ह्याच्या तपशिलाने उत्तेजित होणारी, त्याने केलं म्हणूनच तो हवा असं म्हणणारी व्यक्ती फार क्वचित भेटते. अशी व्यक्ती भेटली तर ती मनी यांच्या व्याख्येत चपखल बसते, आणि ती पुरुषही असू शकते. पत्र लिहिणाऱ्या बायकांचीच चर्चा जास्त होते, त्यामागे तुरुंगातले बहुसंख्य कैदी पुरुष असतात हेही एक कारण आहे.

एका बाईंबद्दल सांगतो. ओळख पटणार नाही इतपत तपशील बदलले आहेत. त्या येताना पत्रांची फाइल घेऊन आल्या होत्या. तारखेप्रमाणे लावलेली, प्रत्येक पत्र प्लास्टिकच्या कव्हरात, त्यांनी पाठवलेल्या पत्रांच्या झेरॉक्ससुद्धा. त्याची हजेरी किती वाजता होते, दिवे कधी मालवतात, कुठल्या गुडघ्याला दुखतं, लहानपणी आईने कुठे सोडलं होतं, सगळं तोंडपाठ. मी विचारलं, "ज्यांचा खून झाला त्यांचं नाव काय?" बाई थांबल्या. फाइल उघडली, दोन पानं उलटली, मिटली. "ते त्याने लिहिलेलं नाही," म्हणाल्या. निकालपत्र त्यांनी वाचलेलं नव्हतं. ते मिळवणं अवघड नाही हे त्यांना माहीत होतं, तरीही.

या बाई अत्याचाराला भुललेल्या नव्हत्या. अत्याचार त्यांच्या चित्रात नव्हताच, तो काळजीपूर्वक बाहेर ठेवलेला होता. मग चित्रात काय होतं? त्यांचं आधीचं लग्न मारझोडीचं. आता एक पुरुष असा, जो रोज फक्त त्यांचाच विचार करतो, जो संध्याकाळी कुठे जातो हे विचारावं लागत नाही, जो हात उगारू शकत नाही कारण मध्ये भिंत आहे. भेट कधी, किती वेळ, फोन घ्यायचा की नाही, सगळं त्यांच्या हातात. ऐकायला विचित्र वाटेल, पण त्यांच्या आयुष्यातला हा सगळ्यांत सुरक्षित पुरुष होता. शीला आयझेनबर्ग या अमेरिकन पत्रकार बाईंनी खुन्यांवर प्रेम करणाऱ्या स्त्रियांच्या मुलाखती घेऊन १९९१मध्ये पुस्तक लिहिलं. त्यांनाही हेच पुन्हा पुन्हा आढळलं : मागे अत्याचार सोसलेला, आणि तुरुंगातला माणूस इजा करू शकत नाही म्हणून निवडलेला. ती पत्रकारिता होती, वैद्यकीय संशोधन नव्हे. तरी माझ्या खोलीत जे दिसतं त्याच्याशी ती जुळते.

बाकीची कारणंही सांगतात. उद्धाराची हौस, म्हणजे सगळ्यांनी टाकलेल्याला मी माणसात आणीन. प्रसिद्धीचा उजेड. दांडगा पुरुष संरक्षण करील ही जुनी भावना. भीतीने वाढलेली धडधड मेंदू कधी कधी प्रेमाची समजतो, हे एक. यासाठी १९७४चा डटन आणि अ‍ॅरन यांचा प्रयोग सांगतात : व्हँकूव्हरजवळच्या कॅपिलानोच्या झुलत्या पुलावर ज्या पुरुषांना एका तरुणीने प्रश्न विचारले, त्यांनी तिला नंतर फोन करण्याचं प्रमाण भक्कम पुलावरच्या पुरुषांपेक्षा जास्त निघालं. प्रयोग मजेशीर आहे, पण घरी खुर्चीत बसून पत्र लिहिणाऱ्या बाईला तो कसा लागू करायचा ते मला समजलेलं नाही.

दोन शेजारची नावं वेगळी ठेवायला हवीत, लोक त्यांची सरमिसळ करतात. स्टॉकहोम सिंड्रोम वेगळा. ऑगस्ट १९७३मध्ये स्टॉकहोमच्या नॉरमाल्मस्टॉर्ग चौकातल्या बँकेत चार कर्मचाऱ्यांना ओलीस धरलं होतं, सहा दिवसांत त्यांना पोलिसांपेक्षा दरोडेखोर आपले वाटू लागले, त्यावरून ते नाव पडलं. तिथे माणूस आधी तावडीत सापडतो आणि मग जीव वाचवण्याच्या धडपडीत लळा लागतो. तुमची ताई कुणाच्या तावडीत नाही, ती आपल्या पायांनी गेली आहे. दुसरं, इरोटोमॅनिया. फ्रेंच मनोविकारतज्ज्ञ क्लेराम्बो यांनी १९२१च्या सुमारास त्याचं वर्णन केलं. त्यांच्या एका रुग्ण बाईची खात्री होती की इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज आपल्यावर प्रेम करतो. बकिंगहॅम राजवाड्याचा पडदा हलला की ती त्याची खूण. तो भ्रम असतो, समोरच्याकडून प्रत्यक्षात काहीच आलेलं नसतं आणि औषधोपचार लागतात. ताईंना पत्रं खरोखर येत आहेत.

आता ताई. शब्द सांगू का, असं विचारलंत. सांगू नका. 'तुला अमुकफिलिया आहे' हे ऐकून आजवर कुणी पत्र लिहायचं थांबवलेलं मी पाहिलेलं नाही. उलट, जग आम्हाला समजून घेत नाही ही त्या दोघांच्या पत्रांतली आवडती ओळ असते, तिला तुम्ही घरून पुरावा पुरवाल. तोच माणूस मग एकटा आधार उरतो. चेष्टा तर मुळीच नको.

त्याऐवजी निकालपत्र मिळवा आणि तिच्याबरोबर बसून वाचा, वाद न घालता. जमल्यास आधी तुम्ही वाचा, कारण त्यात काय निघेल सांगता येत नाही. क्वचित खरंच संशयाला जागा असते आणि तसं असेल तर ते मान्य करण्याचा प्रामाणिकपणा तुमच्याकडेही हवा. मग व्यवहाराचं बोला : पैसे किती गेले, कुणाच्या खात्यात गेले, घरचा पत्ता त्याला दिला आहे का, घरात लहान मूल आहे का, त्याला इतर कुणी पत्रं लिहितं का. शेवटचा प्रश्न साधा आहे, पण त्यावर अनेक जणी पहिल्यांदा अडखळतात. तुरुंगातल्या काही माणसांचा एकाच वेळी चार-पाच जणींशी पत्रव्यवहार चालू असतो, प्रत्येकीला ती एकटीच आहे असं सांगून.

सुटकेची तारीख बघा. भिंत आहे तोवर हे नातं ज्या कारणाने टिकतं, ते कारण सुटकेच्या दिवशी संपतं. त्याच्या आधीच्या जोडीदारांशी तो कसा वागला होता हे निकालपत्रात किंवा जुन्या तक्रारींत असेल, तर धोक्याचा अंदाज घ्यायला तोच सगळ्यांत भरवशाचा कागद. जन्मठेपेतही पॅरोल आणि संचित रजा असते, ती धरा.

ताई तयार असेल तर एखाद्या मानसोपचारतज्ज्ञाकडे न्या, पण 'त्या माणसाचा विषय काढायला' म्हणून नव्हे. झोप कशी आहे, एकटेपण किती आहे, मागच्या नात्यात काय झालं, या वाटेने जाऊ द्या. या ओढीवर गोळी नाही. मात्र खाली नैराश्य किंवा जुन्या आघाताचे परिणाम असतील तर त्यांवर चांगले उपचार आहेत. ते झाले की पत्रांची संख्या पुष्कळदा आपोआप कमी होते. काहींची होत नाही, लग्नं होतात, त्यांतली काही टिकतातही. मृताच्या नावाबद्दल गप्प राहिलेल्या त्या बाईंनी पत्रं थांबवली नाहीत. पण निकालपत्र मागवलं, आणि वाचून झाल्यावर लग्नाचा अर्ज मागे घेतला.